नकोशा दिव्यांची यादी

दिवाळी आठ दिवसांवर आली की आमच्या घरी यादी होते. सौ. सांगते आणि मी लिहितो. रवा, मैदा, पिठीसाखर, पोहे, खोबरे, वेलची, तेल, वाती. गेली वीस वर्षे हे काम इमानाने करताना मला यादी या लेखनप्रकाराविषयी मोठा आदर वाटू लागला आहे. यादीत विशेषणांना थारा नसतो. 'सुरेख बेसन' असे लिहून भागत नाही. 'बेसन, जाडसर, दोन किलो' असे लिहावे लागते. यादीत लेखकाला लपायला जागा नसते. जे विसरले ते लाडू वळताना कळते, आणि जे उगाच लिहिले ते संक्रांतीपर्यंत डब्यात पडून राहते.

यंदा संपादकांनी आवडलेल्या एखाद्या पुस्तकावर लिहा अशी आज्ञा केली, तेव्हा कपाटातल्या कादंबऱ्या आणि काव्यसंग्रह बाजूला सारून मी एका यादीवरच लिहायचे ठरवले. ही यादी मात्र आमच्या वाणसामानाच्या यादीच्या अगदी उलट आहे. आमच्या यादीत हवे ते असते. या यादीत कर्त्याला जे नको होते तेवढेच आहे. कर्ता शार्ल मेसिए, राहणार पॅरिस. यादी पुरी छापली गेली १७८१ साली. विषय आकाशातले धूसर ठिपके: तेजोमेघ, तारकागुच्छ, आणि ज्यांना आज आपण दीर्घिका म्हणतो ते दूरदूरचे तारकासंघ. नोंदी एकशे तीन.

दोन गोष्टी आधीच कबूल करतो. मला फ्रेंच येत नाही. मी वाचले ते इंग्रजी भाषांतर. आणि मी ज्योतिषशास्त्राचा अभ्यासक नव्हे. मॅट्रिकपर्यंत शिकलो, शाळेत मराठी शिकवतो आणि सवडीने कादंबऱ्या लिहितो. तेव्हा इथे जे परीक्षण करायचे ते शास्त्र म्हणून नव्हे, लेखन म्हणून. याच पुस्तकाकडे वळायला एक खाजगी कारणही आहे. ते ओघात येईल.

आधी माणूस पाहू. मेसिएचा जन्म १७३० चा, लोरेन प्रांतातल्या बादोंव्हिए या लहानशा गावातला. बारा भावंडांतला दहावा. अकरा वर्षांचा असताना वडील गेले. चौदाव्या वर्षी, १७४४ साली, त्याने आकाशात सहा शेपट्यांचा एक प्रचंड धूमकेतू पाहिला. आपल्याकडे ज्याला शेंडे नक्षत्र म्हणतात आणि ज्याच्या दर्शनाने आजीबाई हात जोडतात, त्याच्या मागे हा मुलगा जन्मभर लागला. एकविसाव्या वर्षी तो पॅरिसला आला. त्याच्यापाशी पदवी नव्हती, गणितही बेताचेच होते. आरमाराचे ज्योतिषी देलील यांनी त्याला ठेवून घेतला तो अक्षर सुवाच्य होते आणि नकाशे नीट काढता येत होते म्हणून! शाळामास्तर या नात्याने ही गोष्ट मी वर्गात दरसाल सांगतो. मुलांचे अक्षर तिने सुधारते असा अनुभव नाही, पण सांगतो.

त्या दिवसांत सगळे युरोप हॅलेच्या धूमकेतूची वाट पाहत होते. हॅले १७४२ सालीच वारला होता. पण १७५८ च्या सुमारास हा पाहुणा परत येईल असे तो सांगून गेला होता. देलील यांनी मेसिएच्या हाती एक नकाशा दिला आणि धूमकेतू या वाटेने येईल, इथे शोध, असे सांगितले. नकाशा चुकलेला होता. मेसिए महिनोन् महिने चुकीच्या जागी शोधत राहिला, आणि १७५८ च्या नाताळच्या रात्री जर्मनीत ड्रेस्डेनजवळच्या पालिच नावाच्या एका शेतकऱ्याने तो धूमकेतू आधी पाहिला. मेसिएला तो स्वतंत्रपणे सापडला १७५९ च्या जानेवारीत, नकाशाबाहेर नजर टाकल्यावर. त्यातही गुरूने कित्येक आठवडे ते जाहीर करू दिले नाही. ते जाहीर झाले १ एप्रिलला, तेव्हा कोणाचा विश्वास बसेना.

पण या फसलेल्या शोधातच आपल्या पुस्तकाचा जन्म आहे. २८ ऑगस्ट १७५८ च्या रात्री दुसऱ्याच एका धूमकेतूचा मागोवा घेताना वृषभ राशीच्या शिंगाजवळ मेसिएला एक पांढुरका ठिपका दिसला. दिसायला हुबेहूब धूमकेतू. परंतु धूमकेतू रोज थोडा सरकतो आणि हा ठिपका जागचा हलेना. म्हणजे वेळ फुकट गेला. पुन्हा आपली किंवा दुसऱ्या कोणाची अशी फसगत होऊ नये म्हणून त्याने त्या ठिपक्याची जागा लिहून ठेवली आणि त्याला पहिला क्रमांक दिला. ओळखीच्या रस्त्यावर ठेच लागणारा दगड असावा आणि कोणी त्याला चुना फासून ठेवावा, तसा हा प्रकार. पुढे तेवीस वर्षे मेसिए असे दगड रंगवत गेला. पंचेचाळीस नोंदी १७७४ साली छापल्या गेल्या, १७८० मध्ये त्या अडुसष्ट झाल्या आणि १७८१ मध्ये एकशे तीन. शेवटची यादी १७८४ सालासाठीच्या सरकारी पंचांगात छापून आली. पंचांगात ज्या आदराने आपण भद्रा आणि राहुकाल पाहतो, त्याच आदराने तिथल्या ज्योतिषांनी ही टाळायच्या जागांची यादी पाहावी, एवढीच कर्त्याची अपेक्षा.

आता लेखन पाहू. प्रत्येक नोंदीला क्रमांक, आकाशातली जागा, आकार आणि पाहिल्याची तारीख. त्याखाली दोन-चार वाक्यांचे वर्णन. ही वाक्ये वाचताना पहिल्यांदा कंटाळा येतो हे मी प्रामाणिकपणे सांगतो. ठिपका गोल आहे की लांबट, मधला भाग कडेपेक्षा उजळ आहे की नाही, जवळ कोणता तारा आहे, आत तारा दिसतो की नाही, संधिप्रकाश होता की चंद्र, दुर्बीण कोणती. बस्स. पण दहा-पंधरा नोंदी झाल्या की कंटाळ्याची जागा एक निराळीच भावना घेते. हा माणूस आपल्याला काहीही विकायला निघालेला नाही, अशी खात्री पटते. तो दिपवत नाही, देवाची लीलाही आळवत नाही. उपमा मोजक्या, आणि त्या घरातल्या. पहिल्या क्रमांकाचा ठिपका त्याला मेणबत्तीच्या ज्योतीसारखा लांबट वाटला. देवयानीतल्या एकतिसाव्या क्रमांकाला तो दोन निमुळत्या सुळक्यांची बुडे एकमेकांना टेकवून ठेवावीत तसे म्हणतो. आजही कोणी साध्या दुर्बिणीतून देवयानी पाहून तिचे वर्णन करू लागला तर याहून नेमके त्याला सुचेल असे मला वाटत नाही.

एक तपशील तर मला कोणत्याही कवीने हेवा करावा असा वाटतो. ठिपक्याची जागा मोजायची तर दुर्बिणीत बसवलेल्या बारीक तारा दिसायला हव्यात, आणि त्या दिसायला दिव्याचा किंचित उजेड लागतो. मेसिए काही नोंदींत सांगतो की, तारांवर एवढासा उजेड पाडला तरी हा ठिपका नाहीसा होतो. मोजायला दिवा आणावा तर मोजायचेच विझते. त्याने या अनुभवातून काही तात्पर्य काढलेले नाही. पुढच्या वेधकर्त्याला उपयोगी पडावे म्हणून वस्तुस्थिती सांगितली आणि तो पुढच्या नोंदीकडे वळला. मी असतो तर त्यावर एक प्रकरण लिहिले असते, आणि ते वाईट झाले असते.

या संयमाची किंमत त्याचे चरित्र कळल्यावर ध्यानात येते. १७७२ च्या मार्चमध्ये त्याची बायको बाळंतपणानंतर थोड्याच दिवसांत वारली. पाठोपाठ तान्हा मुलगाही गेला. त्याच महिन्यात लिमोझ गावच्या मोंतेन्य नावाच्या गृहस्थाने एक धूमकेतू शोधला. ला आर्प या त्या काळच्या टीकाकाराने याविषयी एक किस्सा नोंदून ठेवला आहे. समाचाराला आलेल्या कोणी तरी दुःख व्यक्त केले तेव्हा मेसिए म्हणे डोळ्यांत पाणी आणून बोलला, की मी बारा शोधले होते, तेरावा त्या मोंतेन्यने पळवला. आणि मग आपण कशाबद्दल रडायला हवे हे आठवून बायकोचे नाव घेऊ लागला. किस्सा खरा असेल किंवा पॅरिसच्या बैठकीत रचलेला असेल. एवढे खरे की, बायको-मुलाच्या मृत्यूने या माणसाचे काय झाले ते यादीवरून कळत नाही. यादीत फक्त तारखा आहेत. दोन तारखांमधल्या मोकळ्या जागेत काय घडले असेल ते वाचकाने जाणावे. कादंबरीकाराला दोन प्रकरणांमधली अशी जागा सोडणे किती जड जाते, ते मला माहीत आहे.

इथे एखादा वाचक विचारील, नेमके लिहिणे हा जर गुण, तर मेसिएने जे लिहिले ते बरोबर तरी होते का? पुष्कळ ठिकाणी नव्हते! शौरी राशीतल्या तेराव्या क्रमांकाच्या ठिपक्यात तारा नाही असे त्याने लिहिले. त्या एका ठिपक्यात काही लाख तारे आहेत. त्याची दुर्बीण जेमतेम साडेतीन इंची भिंगाची. तिच्यातून ते सुटे दिसणे शक्य नव्हते. थोड्याच वर्षांत इंग्लंडमधल्या विल्यम हर्शेलने आपल्या थोरल्या आरशाच्या दुर्बिणीतून पाहिले, आणि मेसिएच्या कितीतरी बिनताऱ्यांच्या ढगांतून ताऱ्यांची रांगोळी उलगडली. हा हर्शेल पेशाने वादक. त्याने १३ मार्च १७८१ रोजी युरेनस ग्रह शोधला होता, आणि मौज अशी की आपल्याला धूमकेतू सापडला असेच त्याला आधी वाटले. त्याच वर्षाच्या अखेरीस मेसिएची यादी एका स्नेह्याकडून त्याच्या हाती आली. मेसिएने जे टाळण्यासाठी लिहिले तेच हर्शेल शोधत सुटला. बहीण कॅरोलिन रात्ररात्र शेजारी बसून नोंदी उतरून घेई. १८०२ पर्यंत त्याने अडीच हजार ठिपके गोळा केले.

मग मेसिएची नोंद खोटी ठरली काय? मला इथे टीकाकाराने थांबून विचार करावा असे वाटते. मेसिएने 'तारे नाहीत' असे लिहिले, त्याचा अर्थ 'माझ्या दुर्बिणीतून, त्या रात्री, मला तारे दिसले नाहीत' असा आहे. आणि दुर्बीण कोणती, रात्र कोणती, हे त्याने शेजारीच लिहून ठेवले आहे. स्वतःची चूक दुसऱ्याला सापडावी याची सगळी सामग्री त्याने वाचकाच्या हाती दिली. सत्तावन्नाव्या क्रमांकाचे तेजोवलय पाहताना त्याला वाटले की, यात अतिशय बारीक तारे असावेत. परंतु चांगल्यात चांगल्या दुर्बिणीतूनही ते दिसेनात. तेव्हा ती नुसती शंका आहे असे त्याने लिहिले. शंका शंकेच्या जागी ठेवली. प्रत्यक्षात ते मरणाऱ्या एका ताऱ्याने सोडलेले वायूचे कवच आहे. अनुमान चुकले, पण नोंद खरी राहिली.

या नोंदींतून पुढे काय काय निघाले ते पाहिले की छाती दडपते. पहिल्या क्रमांकाचा तो नकोसा ठिपका म्हणजे १०५४ साली चिनी ज्योतिषांनी भर दिवसा पाहिलेल्या एका स्फोट पावलेल्या ताऱ्याचे अवशेष. त्याच्या पोटात एक गाभा सेकंदाला तीस गिरक्या घेत असल्याचे १९६८ साली आढळले. एक्कावन्नाव्या क्रमांकात आयर्लंडच्या लॉर्ड रॉस यांना १८४५ साली भोवऱ्यासारखी वेटोळी दिसली. एकतिसाव्या क्रमांकातल्या एका ताऱ्याच्या उजेडाचे चढउतार मोजून एडविन हबल यांनी १९२३ ते १९२५ या काळात दाखवून दिले की, ते आपल्या आकाशगंगेतले अभ्रच नव्हे. ती दुसरी आकाशगंगा आहे. आजच्या मोजमापाने ती पंचवीस लाख प्रकाशवर्षे दूर भरते. आणि १८ मार्च १७८१ च्या रात्री मेसिएने कन्या राशीजवळच्या ठिपक्यांची जी घाऊक नोंद केली, त्यातला सत्त्याऐंशीवा क्रमांक म्हणजे ज्याच्या गाभ्यातल्या कृष्णविवराचे चित्र १० एप्रिल २०१९ रोजी जगाने पाहिले तो. अंतर सुमारे साडेपाच कोटी प्रकाशवर्षे; विवराचे वजन साडेसहाशे कोटी सूर्यांइतके. मेसिएच्या वहीत त्याचे वर्णन दोन ओळींत आटोपले आहे.

स्तुती पुष्कळ झाली. परीक्षण म्हटल्यावर दोषही दाखवले पाहिजेत. ४ मार्च १७६९ च्या रात्री मेसिएने यादीत चार नोंदी घातल्या: मृगातला तेजोमेघ, त्याला लागूनच असलेला छोटा तुकडा, पुष्यातला तारकागुच्छ आणि कृत्तिका. आता कृत्तिका पाहून हा धूमकेतू असे कोण म्हणेल? आपल्याकडे शेळ्या राखणारे पोरही कृत्तिका ओळखते. मग त्या कशाला घातल्या? लाकाय नावाच्या ज्योतिषाने दक्षिणेकडच्या अशाच बेचाळीस ठिपक्यांची यादी आधी छापली होती. तिच्याहून आपली यादी मोठी दिसावी म्हणून भर घातली असावी, असा तर्क पुष्कळ जण करतात. मलाही तो पटतो. दोनशे चाळीस पानांची कादंबरी तीनशे पानांची व्हावी म्हणून नायिकेला उगाच माहेरी पाठवणारे आम्ही. आम्हाला ही युक्ती चटकन ओळखू येते.

चाळीसावी नोंद निराळी. पूर्वीच्या एका ज्योतिषाने सांगितलेला ढग त्या जागी शोधला, तर तिथे शेजारी शेजारी नुसते दोन तारे निघाले. ढग नाही असे लिहून मेसिएने नोंद तशीच ठेवली. हा दोष असेल, पण मला आवडलेला. 'गेलो, पाहिले, तिथे काही नव्हते' हेही लिहून ठेवावे लागते; नाहीतर पुढचा माणूस पुन्हा तिथेच जातो. एक्क्याण्णवाव्या क्रमांकाची मात्र सरळ चूक आहे. दिलेल्या जागी काहीच सापडत नाही. १९६९ साली टेक्सासमधल्या एका हौशी निरीक्षकाने मेसिए कोणत्या खुणेपासून मोजत असताना घसरला असावा ते शोधून काढले, तेव्हा कुठे तो ठिपका सापडला.

राहिला एकशे दोनावा. त्याच्यासाठीच मी हा लेख लिहायला बसलो असे म्हटले तरी चालेल. मेसिएचा एक तरुण सहकारी होता, पिएर मेशँ. त्याने पुष्कळ ठिपके शोधून मेसिएला कळवले. छपाईची घाई होती, म्हणून शेवटच्या एक-दोन नोंदी मेसिएने स्वतः न तपासताच घातल्या. दोन वर्षांनी, १७८३ मध्ये, मेशँने बर्लिनच्या बर्नुली यांना पत्र लिहिले. त्यात त्याने स्वच्छ सांगितले की, एकशे दोन हा एकशे एकच आहे. नकाशातल्या चुकीमुळे एकच वस्तू दोनदा नोंदली गेली. पत्र पुढे बर्लिनच्या वार्षिकात छापले गेले. कोणी विचारले नव्हते, कोणी पकडले नव्हते. आज काही अभ्यासकांना मेशँची ही कबुलीच चुकीची वाटते आणि एकशे दोनावा म्हणून ते दुसरीच एक दीर्घिका दाखवतात. तो वाद चालू आहे. मला महत्त्वाचे वाटते ते पत्र.

आणि त्याहून महत्त्वाचे, याच मेशँचे पुढे जे झाले ते. १७९२ पासून पॅरिसच्या रेखावृत्ताची मोजणी सुरू झाली. तिच्यावरून मीटरची लांबी ठरायची होती. दक्षिणेकडचा भाग मेशँकडे होता. बार्सिलोनाला दोन जागी घेतलेले त्याचे वेध एकमेकांशी जुळेनात. फरक तीनेक विकलांचा, म्हणजे केसाएवढा. पण या वेळी मेशँने तो लपवला. वर्षानुवर्षे तो त्या केसाएवढ्या फरकाने पोखरला गेला. वेध पुन्हा घेण्यासाठी परत स्पेनमध्ये गेला आणि १८०४ साली तिथेच पीतज्वराने वारला. त्याचे कागद सहकारी देलांब्र यांच्या हाती पडले तेव्हा सारे कळले. तो फरक पुष्कळसा उपकरणांच्या मर्यादेचा होता, त्याच्या हातचा नव्हता. एकाच माणसाने एक चूक छापून टाकली आणि तो मोकळा झाला. दुसरी लपवली आणि तिने त्याचा जीव खाल्ला.

खुद्द मेसिएच्या लेखनातही असाच एक भेद दिसतो. १७८१ च्या नोव्हेंबरात बागेत फिरताना तो बर्फ साठवण्याच्या खोल तळघरात पडला. हात, मांडी, बरगड्या मोडल्या. वर्षभर तो अंथरुणावर होता, आणि यादीत त्याने पुन्हा भर घातली नाही. पुढे राज्यक्रांती झाली, पगार थांबला. दिव्याच्या तेलासाठीही त्याला मित्राच्या दारी जावे लागे असे सांगतात. बोशार द सारों या त्याच्या मित्राने तुरुंगात बसून मेसिएच्या नव्या धूमकेतूची कक्षा गणिताने मांडली. ती बरोबर असल्याचा निरोप मेसिएने कसाबसा आत पोचवला. १७९४ च्या एप्रिलमध्ये सारोंचा शिरच्छेद झाला. एवढे पाहिलेल्या या माणसाने १८०८ साली, वयाच्या अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी, एक पुस्तिका काढली. विषय काय, तर १७६९ सालचा मोठा धूमकेतू थोर नेपोलियनच्या जन्मासाठीच प्रकटला होता! दोन वर्षांपूर्वी नेपोलियनच्या हातून त्याला मानचिन्ह मिळाले होते.

म्हाताऱ्या, गरिबी पाहिलेल्या माणसाला मी हसणार नाही. पण टीकाकार म्हणून सांगणे भाग आहे की, ही पुस्तिका आज एक नमुना म्हणून उरली आहे आणि यादी मात्र रोज वापरली जाते. हात एकच, आकाश एकच. एका ठिकाणी लेखकाला वाचकाकडून काही हवे होते. दुसऱ्या ठिकाणी, नोंदींचा आकडा फुगवण्याचा तेवढा मोह सोडला तर, काहीच नको होते. पंधराव्या लुईने म्हणे मेसिएला 'धूमकेतूंचे मुंगूस' म्हटले होते. ज्यांच्यासाठी जन्म घालवला ते त्याचे तेरा धूमकेतू आज अभ्यासकांखेरीज कोणाला ठाऊक नाहीत. पण नकोशा ठिपक्यांची यादी विसाव्या शतकात इतरांनी त्याच्या टिपणांवरून एकशे दहापर्यंत नेली, आणि मार्चच्या अमावास्येला जगभरचे हौशी लोक एका रात्रीत ते सगळे पाहण्याची शर्यत लावतात. आपल्याकडची मंडळीही त्यात आहेत.

आता ते खाजगी कारण. माझ्या पहिल्या कादंबरीत एक प्रसंग आहे. मृगाचा पहिला पाऊस पडून गेला आहे, ढग फाटले आहेत, आणि नायक अंगणात उभा राहून पूर्वेला उगवणाऱ्या मृग नक्षत्राकडे पाहत नायिकेची आठवण काढतो. दीड पान आहे. त्या दीड पानाची तारीफ झाली होती. एकदा आठवीच्या वर्गात मी ते मोठ्या हौसेने वाचून दाखवले. मागच्या बाकावरचा एक मुलगा उभा राहिला आणि म्हणाला, "सर, मृग लागतो म्हणजे सूर्य मृगात जातो ना? मग तेव्हा मृग रात्री दिसेल कसा?" शेतकऱ्याचा मुलगा. मृग कधी लागतो ते त्याच्या घरी सगळ्यांना पाठ. मी त्याला म्हणालो, "ही कविकल्पना आहे, तुला नाही कळायची. खाली बैस." वर्ग हसला. तो बसला. त्या वर्षी पुन्हा त्याने हात वर केल्याचे मला आठवत नाही.

पुढे मुरुडच्या शंकर बाळकृष्ण दीक्षितांचे 'ज्योतिर्विलास' वाचनात आले. दीक्षितही शिक्षकच, शिकवता शिकवता त्यांनी भारतीय ज्योतिषाचा इतिहास लिहून काढला. ते वाचले आणि तो मुलगा बरोबर होता हे निर्विवाद कळले. जूनच्या आरंभी मृग सूर्याबरोबर उगवतो आणि सूर्याबरोबर मावळतो. माझ्या कादंबरीची दुसरी आवृत्ती निघाली तेव्हा ते दीड पान दुरुस्त करता आले असते. मी केले नाही. तारीफ त्याचीच झाली होती ना!

म्हणून मेशँचे पत्र वाचताना माझे मला वाचल्यासारखे झाले. तेव्हा ही माझी एकशे दोनावी नोंद: त्या पानावरचा मृग तिथे नव्हता. मी तो पाहिला नव्हता, पाहिल्यासारखे लिहिले. तो मुलगा आता तिशीचा असेल. हा अंक त्याच्या हाती पडला तर त्याने ही दुरुस्ती आपल्या नावे जमा करून घ्यावी.

मृग खरोखर कधी दिसतो ते सांगून थांबतो. नरक चतुर्दशीला पहाटे पाचच्या सुमारास, उटणे लावायच्या आधी, मुलांना घेऊन गच्चीवर किंवा अंगणात जा. आकाशकंदील क्षणभर मालवा. मेसिएचा अनुभव ध्यानात असू द्या. पश्चिमेकडे कृत्तिकांचा पुंजका, नैर्ऋत्येला मृग, आणि जवळजवळ डोक्यावर पुष्यातला तो पुसट गुच्छ. यादीतले पंचेचाळीस, बेचाळीस आणि चव्वेचाळीस. मृगाच्या पोटात रुतलेल्या तीन ताऱ्यांच्या बाणाखाली मंद ताऱ्यांची एक उभी ओळ आहे. तिच्यातला मधला तारा डोळे बारीक करून पाहिला तर जरा पुसल्यासारखा दिसतो. मुलांना काय दिसते ते आधी त्यांनाच सांगू द्या. कोणी 'धूर आहे' म्हणेल, कोणी 'काहीच नाही' म्हणेल. दोन्ही लिहून ठेवा, आणि शेजारी तारीख घाला.